आईच्या पेटीतला दलाल स्ट्रीट

लक्ष्मीपूजनाला व्यापाऱ्यांच्या पेढीवर चोपड्या पुजतात. आमच्या नायगावच्या बीडीडी चाळीत चोपडी असे ती फक्त वाण्याच्या उधारीची, आणि तिची पूजा करावी असे कोणालाच वाटत नसे! पण आमच्या आईने त्यावर तोड काढली होती. ती कॉटखालची पत्र्याची पेटी पुढे ओढी, तिच्यातून चार कागद काढी आणि पाटावर बत्ताशा-लाह्यांशेजारी मांडी. एक पोस्टाचे पासबुक, एक भाऊंची विम्याची पॉलिसी, एक गिरणीतून मिळालेला प्रॉव्हिडंट फंडाचा हिशेब आणि १९६७ सालापासून त्यांत भर पडली ती युनिट ट्रस्टच्या सर्टिफिकिटाची. भाऊ म्हणजे आमचे वडील. ते एका कापड गिरणीच्या ऑफिसात हजेरी कारकून होते. आई चारही कागदांना हळदकुंकू वाही. त्या पॉलिसीवर कुंकवाचा डाग पुढे कायमचाच राहिला.

"एवढीच आपली लक्ष्मी," असे ती म्हणे, आणि पेटी पुन्हा कॉटखाली जाई.

आम्हां मुलांची समजूत अशी, की पैसे त्या पेटीतच आहेत. दलाल स्ट्रीट नावाचा रस्ता कोटात कुठेतरी आहे, तिथे सट्टा चालतो आणि सभ्य माणसाने तिकडे फिरकू नये, हे भाऊंचे ठाम मत होते. ते स्वतः कधीही फिरकले नाहीत. पण दलाल स्ट्रीट मात्र आमच्या घरी फिरकत होता. तो थेट पेटीतच येऊन बसला होता. ही गोष्ट कळायला मला निम्मे आयुष्य लागले. तीच आज सांगायची आहे.

भिशीचा डबा

आमच्या मजल्यावर भिशी असे. वीस बायका, प्रत्येकीचे महिन्याला दहा रुपये. पहिल्या तारखेनंतरच्या रविवारी कोपऱ्यातल्या खोलीत सगळ्या जमत. एका लहान मुलाकडून डब्यातली चिठ्ठी उचलली जाई. जिचे नाव निघे तिला दोनशे रुपये. व्याज नाही, कागद नाही, सही नाही. एखादीच्या घरी आजारपण निघाले, तर बाकीच्या आपणहून म्हणत, "या खेपेला चिठ्ठी नको, हिलाच द्या."

हा व्यवहार कशावर चाले? तोंडओळखीवर. दहा रुपये बुडवून जायचे कुठे? नळ एक, गॅलरी एक, जिना एक!

भिशीला हसणाऱ्यांनी तिच्या आधीचा काळ आठवावा. मुंबई सरकारच्या कामगार खात्याने १९२१-२२ साली शहरातल्या कामगार कुटुंबांच्या जमाखर्चाची पाहणी केली. त्यांतली जवळजवळ निम्मी कुटुंबे कर्जात होती, आणि व्याजाचा रूढ दर होता रुपयाला महिना एक आणा. म्हणजे वर्षाला पाऊणशे टक्के! डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने आमच्या चाळी बांधल्या त्या याच दशकात. पगाराच्या दिवशी गिरणीच्या फाटकाशी काठी टेकून उभा राहणारा पठाण हा आमच्या आजोबांच्या गोष्टींतला बागुलबुवा नव्हता; तो त्यांचा सावकार होता. भिशीचा डबा हा त्या काठीला बायकांनी दिलेला जबाब होता.

अशा वस्तीत सरकारी शिक्क्याची बचत आली, तेव्हा लोकांना ती देवासारखी वाटली. १९५२ साली प्रॉव्हिडंट फंडाचा कायदा झाला. तो ज्या सहा उद्योगांना आधी लागू झाला, त्यांत कापड गिरण्या होत्या. १ सप्टेंबर १९५६ रोजी २४५ विमा संस्थांचे मिळून एक आयुर्विमा महामंडळ झाले. आता बुडायचे नाव नको, असे भाऊ म्हणत.

पण महामंडळाला दीड वर्षही झाले नव्हते, तोच मुंदडा प्रकरण उपटले. हरिदास मुंदडा या उद्योगपतीच्या सहा कंपन्यांचे शेअर महामंडळाने सव्वा कोटीच्या आसपास रक्कम घालून घेतले. फिरोझ गांधींनी १९५७ च्या डिसेंबरात ते लोकसभेत मांडले. आपल्या हायकोर्टाचे सरन्यायाधीश छागला यांनी मुंबईतच, लोकांच्या समोर चौकशी केली आणि १९५८ च्या फेब्रुवारीत अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारी यांनी राजीनामा दिला. दरमहा हप्ता भरणाऱ्या कारकुनाला त्या वेळी प्रथमच कळले, की आपला हप्ता महामंडळाच्या तिजोरीत नुसता झोपून राहत नाही. तो बाजारात जातो, शेअर घेतो. कधी कधी कोणाच्या तरी सांगण्यावरून घेतो.

दोन कोटींची भिशी

नियतीचा खेळ पाहा. तेच कृष्णम्माचारी पुन्हा अर्थमंत्री झाले आणि युनिट ट्रस्ट जन्माला आला तो त्यांच्याच कारकिर्दीत. १९६३ साली कायदा, १ फेब्रुवारी १९६४ रोजी स्थापना आणि त्याच वर्षीच्या जुलैत पहिली योजना. तिचे नाव 'युनिट स्कीम १९६४'. सुरुवातीचे पाच कोटींचे भांडवल रिझर्व्ह बँक, आयुर्विमा महामंडळ, स्टेट बँक अशा संस्थांनी घातले होते. एका युनिटची दर्शनी किंमत दहा रुपये. पहिल्या वर्षीचा लाभांश ६.१ टक्के.

आईला हे समजावून सांगायला पोस्टातला एक भला माणूस भेटला. तो म्हणाला, "वहिनी, ही मोठी भिशीच समजा. एकट्याने एका कंपनीचा शेअर घेतला आणि ती बुडाली, तर तो बुडतो. हजारोंनी मिळून शंभर कंपन्यांचे घेतले, तर दोनचार बुडाल्या तरी बाकीच्या तारतात." उपमा नामी होती, आणि खरीही होती. आईने शिवणकामाचे साठवलेले पैसे घातले. लाभांशाचा कागद पावसाळ्यात येई आणि त्यातून गणपतीचा खर्च निघे. आमच्या घरचा गणपती काही वर्षे टाटांच्या आणि कुठल्याकुठल्या कारखान्यांच्या नफ्यावर आला, हे तेव्हा कोणाच्या ध्यानीमनीही नव्हते.

१९९१ साली धाकट्या बहिणीचे लग्न ठरले, तेव्हा आईने सगळी युनिटे परत देऊन पैसे घेतले. त्या वेळी आम्ही हळहळलो. कारण पुढच्या तीन-चार वर्षांत लाभांश २६ टक्क्यांवर गेला होता!

पण या मोठ्या भिशीत एक खोट होती. युनिट कोणत्या भावाने विकायचे आणि परत घ्यायचे, हे ट्रस्टच ठरवी. ट्रस्टजवळच्या शेअरांची त्या दिवशीची खरी किंमत काय, याचा त्या भावाशी थेट संबंध नसे. बाजार चढता असताना हे कोणाला खुपले नाही. बाजार उतरला, तेव्हा मात्र भाव वर आणि माल खाली अशी अवस्था झाली. १९९८ च्या ऑक्टोबरात जाहीर झाले, की योजनेची गंगाजळी १,०९८ कोटींनी उणे आहे. दीपक पारेख समिती बसली. सरकारने ३,३०० कोटींची मदत केली. आणि सगळे पुन्हा पूर्ववत् चालू राहिले.

आता भिशीच्याच भाषेत विचार करा. डब्यात प्रत्येकीच्या वाट्याचे सहा रुपये उरले आहेत, पण उठून जाणारीला चौदा दिले जातात. मग शहाणी बाई काय करील? पहिली उठेल! आणि जास्तीचे आठ रुपये येतील ते बसून राहिलेल्यांच्या वाट्यातून. २००१ च्या एप्रिल आणि मे महिन्यांत नेमके हेच झाले. चार हजार कोटींहून अधिक रक्कम परत घेतली गेली, आणि तिच्यातला फार मोठा भाग बड्या कंपन्यांचा होता. २ जुलै २००१ रोजी खरेदी-विक्री सहा महिन्यांसाठी बंद झाल्याचे जाहीर झाले. तेव्हा सुमारे दोन कोटी लहान युनिटधारक आतच बसून होते. त्यांना उठायचे असते हे कोणी सांगितलेच नव्हते. पुढे खरी किंमत जाहीर झाली, ती सहा रुपयांच्याही आत होती.

सरकारला हात द्यावाच लागला. लहान युनिटधारकांना दहा रुपयांपासून महिन्याला दहा पैशांनी चढत जाणारा भाव मिळाला. २००३ साली ट्रस्टचे दोन भाग केले गेले आणि त्याच वर्षी मे अखेर ही योजना संपली. पाच हजार युनिटांपर्यंत बारा रुपये आणि त्यावर दहा रुपये असा भाव ठरला. ज्यांना हवे होते त्यांना पावणेसात टक्क्यांचे करमुक्त रोखे मिळाले, त्यांचे पैसे २००८ साली परत आले. म्हणजे लहान माणूस अगदीच बुडाला नाही. त्याला वाचवले ते सगळ्या देशाच्या करातून.

आमची आई यातून सुटली ती शहाणी म्हणून नव्हे. मुलीचे लग्न ठरले म्हणून. बचतीच्या गोष्टी सांगणारे पुष्कळ लोक आपल्या दैवालाच अक्कल म्हणतात. मी तसे म्हणणार नाही, कारण त्याच घरात त्याच अकलेने आम्ही दुसरीकडे ठेच खाल्ली होती.

भीड

१८ जानेवारी १९८२ ला गिरणी संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर आले. पुढे काय झाले ते मुंबईला माहीत आहे. भाऊंची गिरणी नीट सुरू झालीच नाही. १९८४ साली फंड आणि ग्रॅच्युइटी मिळून अडतीस हजार रुपये त्यांच्या हाती आले. तीस वर्षांची नोकरी एका पाकिटात मावली होती.

आमच्याच मजल्यावर एक गृहस्थ राहत. स्वभावाने अत्यंत सरळ, संपात त्यांचीही नोकरी गेलेली. ते एका खाजगी फायनान्स कंपनीच्या ठेवी गोळा करू लागले होते. कंपनी महिना दोन टक्के देत असे. बँका तेव्हा वर्षाला दहा-अकरा टक्के देत, ही वर्षाला चोवीस! एका संध्याकाळी ते आमच्याकडे आले. आईने चहा ठेवला.

"भावोजी," आईने विचारले, "हे लोक एवढे व्याज देतात ते कुठून?"

"वहिनी, त्यांचा धंदा मोठा आहे. मालमोटारींना कर्ज देतात. मी माझे स्वतःचेही ठेवलेत."

ते खरे बोलत होते. त्यांचे स्वतःचे पैसे आणि बायकोच्या पाटल्या मोडून आलेले पैसेही तिथेच होते. आईच्या जिभेवर आणखी एक प्रश्न होता: "यात तुम्हाला किती मिळते?" तो तिने विचारला नाही. शेजाऱ्याला असे कसे विचारायचे? भाऊंनीही विचारले नाही. त्यांनी पंचवीस हजार दिले.

तीन वर्षे व्याज पहिल्या तारखेला येत होते. मग एका महिन्याला उशीर झाला. मग चेक परत आला. मग ऑफिसला कुलूप. पुढे कळले ते असे, की मालमोटारी थोड्या आणि ठेवी फार. जुन्या ठेवीदाराचे व्याज नव्या ठेवीदाराच्या मुदलातून जात होते. म्हणजे आम्हाला मिळालेले व्याज हे नंतर आलेल्या दुसऱ्याच कोणाच्या तरी ग्रॅच्युइटीचे पैसे होते. ही गोष्ट भाऊंना मुद्दल बुडाल्यापेक्षाही अधिक लागली. हजेरी कारकुनाचा हिशेबी जीव. दुसऱ्याच्या खात्यातले आपल्या खात्यात आले, हे त्यांना अखेरपर्यंत सहन झाले नाही.

आणि ते गृहस्थ? त्यांनी आमच्या दारावरून जाणे सोडले. मधला जिना टाळून ते गॅलरीच्या पलीकडच्या टोकाने उतरत. त्यांच्याकडून ठेव घेतलेली मजल्यावर सहा-सात कुटुंबे होती. कोणी भांडले नाही. भांडले असते तर बरे झाले असते, इतकी ती शांतता वाईट होती. भिशी मात्र मोडली. तोंडओळखीवर चालणारी गोष्ट, तोंडे फिरल्यावर कशी चालणार?

भीड भिकेची बहीण, ही म्हण आम्हाला शाळेत शिकवली होती. तिची किंमत पंचवीस हजार रुपये असते, हे नंतर कळले.

गिरणीची जमीन आणि कारकुनाचा फंड

आता याहून मोठे वर्तुळ सांगतो. ते सारे आमच्या दादर-नायगावच्या आसपासचेच आहे.

नायगाव क्रॉस रोडच्या बाजूला कोहिनूर मिलच्या दोन गिरण्या, तिसरी पश्चिमेला, दादरच्या भर वस्तीत. पुढे या गिरण्या राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेल्या. तिसरीची जमीन २००५ साली ४२१ कोटींना विकली गेली आणि तिथे काचेचा उंच मनोरा उभा राहू लागला. त्या मनोऱ्याच्या कामात आयएल अँड एफएस या वित्तसंस्थेचा पैसा गुंतला होता. ही संस्था १९८७ साली काढली ती सेंट्रल बँक, एचडीएफसी आणि आपला तोच युनिट ट्रस्ट यांनी मिळून. आयुर्विमा महामंडळ पुढे तिचे सर्वांत मोठे भागीदार झाले.

रस्ते, बोगदे, वीज अशा दीर्घ मुदतीच्या कामांत ही संस्था पैसा घालत असे आणि तो उभा करीत असे पुष्कळदा थोड्या मुदतीच्या कर्जातून. धान्य वर्षाने यायचे आणि वाण्याचे बिल महिन्याने, अशा संसाराचे जे होते तेच झाले. २०१८ च्या सप्टेंबरात तिचे हप्ते थकले. कर्ज ९१ हजार कोटींच्या घरात होते. आणि ऑगस्टपर्यंत तिच्या कागदाला पतमापन संस्थांनी सर्वोच्च दर्जा दिलेला होता!

हे कागद होते कोणाजवळ? म्युच्युअल फंडांजवळ, आणि कितीतरी कंपन्यांच्या नोकरांच्या प्रॉव्हिडंट फंडांजवळ. म्हणजे गिरणी गेली, तिची जमीन विकली गेली, त्या जमिनीवरच्या मनोऱ्याला ज्या संस्थेने पैसा पुरवला, तिचे रोखे दुसऱ्या कुठल्यातरी ऑफिसातल्या कारकुनाच्या फंडात येऊन पडले. त्या कारकुनाने दलाल स्ट्रीट पाहिलेलाही नसेल. कोहिनूरच्या खात्यात काम केलेल्या माणसाचा मुलगाच तो कारकून असला, तरी मला नवल वाटणार नाही.

सरकारी प्रॉव्हिडंट फंडाचा काही भागही २०१५ पासून शेअर बाजाराशी बांधलेल्या फंडांत जातो. त्यात वावगे काही नाही. महागाईच्या पुढे पळायचे तर थोडा बाजार हवाच. मुद्दा एवढाच, की "मी बाजारात नाही" असे आज कोणाही पगारदाराला म्हणता येणार नाही. पेटी बंद असली, तरी तिला खालून बोगदा आहे.

नातीचा मोबाइल

परवा माझी नात मला तिचा मोबाइल दाखवीत होती. ती महिना तीन हजारांची एसआयपी भरते. असे हप्ते भरणाऱ्यांचा देशातला महिन्याचा आकडा २०२४ च्या ऑक्टोबरात पंचवीस हजार कोटींच्या वर गेला. आता फंडाची खरी किंमत रोज जाहीर होते, शेअर कोणकोणते घेतले ते महिन्याला छापावे लागते. २००९ साली प्रवेशाच्या वेळी कापली जाणारी दलाली बंद झाली. २०१३ पासून दलालाशिवाय थेट फंडाकडे जाण्याचीही सोय झाली. चौदा देऊन सहा ठेवण्याचा खेळ आता तसाच करता येणार नाही. हे सगळे दोन कोटींच्या त्या भिशीने शिकवले, असे मी मानतो.

"मग आता भीती नाही ना, आजोबा?" तिने विचारले.

"भीती नको, पण तीन प्रश्न हवेत," मी म्हटले. "एक, पैसे कुठे जातात? दोन, मला हवे तेव्हा आणि कोणत्या भावाने परत मिळतील? आणि तीन, सांगणाऱ्याला त्यात काय मिळते?"

तिसऱ्या प्रश्नाचे गणित मी तिला मांडूनही दाखवले. एकदाच गुंतवलेल्या रकमेतून दरवर्षी नुसता एक टक्का जास्त खर्च म्हणून गेला, तर पंचवीस वर्षांनी हाती येणारी रक्कम सुमारे बावीस टक्क्यांनी कमी भरते. एक टक्का हा शब्द फार सोज्वळ दिसतो. तो वाळवीसारखा काम करतो. दुसरे सांगितले ते बँकेचे. बँकेतल्या ठेवीला १९६२ पासून विमा आहे. तो सुरुवातीला पंधराशे रुपयांचा होता, २०२० च्या फेब्रुवारीत तो पाच लाखांचा झाला. पण तो बँकेच्या ठेवीला. फायनान्स कंपनीच्या ठेवीला तो नाही, आणि फंडाच्या युनिटालाही नाही. जिथे व्याज चार पैसे जास्त, तिथे त्या चार पैशांचे कारण विचारायचेच. शेजारी असला तरी विचारायचे. किंबहुना शेजारी असला तर आधी विचारायचे. त्यात त्याचेही भले असते. आईने तो प्रश्न त्या संध्याकाळी विचारला असता, तर कदाचित त्या गृहस्थांनाही आपल्या पाटल्यांचा विचार सुचला असता.

त्या वर्षीच्या, म्हणजे १९८७ च्या दिवाळीची एक गोष्ट राहिली. फराळाची ताटे चाळीत एकमेकांकडे जात. त्या गृहस्थांकडे यंदा कोणाचेच ताट जाणार नाही, हे उघड होते. लक्ष्मीपूजन झाल्यावर आईने पेटी आत सरकवली. ताटात करंज्या, चकल्या, अनारसे मांडले, वर क्रोशाचा रुमाल घातला आणि ताट माझ्या हाती दिले.

"कुठे?" मी विचारले.

"कोपऱ्यावर. आणि रिकामे ताट लगेच मागून आणू नकोस. त्यांना आणून देऊ दे."

भाऊ खुर्चीत पेपर वाचत होते. त्यांनी पेपर खाली केला नाही, पण नकोही म्हटले नाही.

ताट आले चार दिवसांनी, भाऊबीज उलटल्यावर. ते गृहस्थ स्वतः घेऊन आले, दारातच उभे राहिले. ताटात त्यांच्याकडचे चार बेसनाचे लाडू होते. "वहिनी, येतो," एवढेच म्हणाले. आई म्हणाली, "बसा, चहा टाकते." ते बसले. पैशाचा विषय निघाला नाही, आणि पैसे पुढे कधी आलेही नाहीत.

आमच्या चाळींच्या पुनर्विकासाचे भूमिपूजन २०१७ साली झाले. १६० चौरस फुटांच्या जागी ५०० चौरस फुटांचे घर मिळायचे ठरले आहे. आईची पत्र्याची पेटी माझ्याकडे आहे. तिच्यात आता कागद फारसे नाहीत, सगळे मोबाइलात गेले. तरी दर लक्ष्मीपूजनाला मी ती पाटावर ठेवतो, आणि नात तिच्याशेजारी आपला मोबाइल ठेवते. कुंकू मात्र जरा जपून वाहावे लागते.